ओल्या काँक्रीटवरची वाट

आठवणीवर माझा आता फारसा भरवसा राहिलेला नाही. त्या रात्री वीज गेली होती की नव्हती, यावर मी स्वतःशीच भांडतो. बाकीचं मात्र तिच्याच तोंडून ऐकलंय. माझ्या मित्राची धाकटी बहीण, शिवणकाम करायची. जवळ सरका पोरांनो, मोठ्यानं बोलवत नाही.

नोव्हेंबरातला दुसरा मंगळवार. रात्रपाळीच्या नर्सबाईंचा गणवेश पोचवायला ती दवाखान्यात गेली होती. परतताना नऊ वाजून गेले. तिचं घर आतल्या बाजूला, आणि रस्त्यावरून तिथं जायची पायवाट शेजारच्या फरशीवाल्याच्या अंगणातून. त्या वाटेवरूनच कोर्टात दावा चालू होता.

सासूबाई होत्या तोवर घोर नव्हता. काम असो नसो, म्हातारी अनवाणी, काठी टेकत रोज रस्त्यापर्यंत जाऊन यायची. "वहिवाट पायांनी राखायची असते," म्हणायची. उन्हाळ्यात ती गेली. मग फरशीवाल्याचे टोमणे नकोत म्हणून सून मागच्या नाल्याकडून ये-जा करू लागली. तिथंच चुकलं. 'ही वाट आता कुणी वापरतच नाही,' असं त्यानं कोर्टाला सांगितलं. सकाळी कोर्टाच्या कमिशनरबाई जागा पाहायला येणार होत्या. त्यांनाही तसंच दिसलं असतं, तर पुढची वाट कायमची बंद.

म्हणून त्या रात्री ती मुद्दाम पुढून आली. बघते तर अंगणभर ओलं काँक्रीट. फरशीवाल्याच्या दारापासून कुंपणापर्यंत, वाटेसकट.

तो खिडकीतच होता. "या वहिनी! तुमच्यासाठी वाट पक्की करून घेतली."

"उद्या पाहणी, म्हणून आज सुचलं?"

"चांगल्या कामाला मुहूर्त कशाला? पाय तेवढा टाकू नका हं. खराब झालं तर नुकसानीचा दावा लावीन. नाल्याकडून जा, सवय आहेच की."

इतके महिने गिळलेलं सगळं आज बाहेर पडलं.

"लावा दावा! एकाचे दोन होतील. मी इथूनच जाणार."

तेवढ्यात वीज गेली... गेली असावी.

ठक.

समोरून. तिच्या घराच्या बाजूनं.

ठक... ठक...

ओल्या काँक्रीटवर काठी वाजत नाही. हे तिला कळत होतं. वाट एका माणसापुरती. समोरून येणारं बाजूला होणार नव्हतं. जन्मात कधी झालं नव्हतं.

"आई...?"



खिडकी धाडकन बंद झाली.

तिनं पाऊल टाकलं. रुतलं नाही. दुसरं टाकलं. ठक... अगदी पुढ्यात. अंगातून गारवा आरपार गेला... मग आवाज पाठीमागं. रस्त्याकडं.

तिनं वळून पाहिलं नाही. "सावकाश जा," एवढंच म्हणाली, आणि घरी गेली.

सकाळी काँक्रीटमध्ये पावलं होती. अनवाणी. शेजारी काठीची गोल भोकं. घराकडून रस्त्याकडं गेलेली. उलट दिशेचं, चपलेचं, एकही नाही. सुनेच्या चपलांना सिमेंटचा कण नव्हता.

"ही कुणाची?" कमिशनरबाईंनी विचारलं.

फरशीवाला एरवी स्वतःच्या वकिलालाही बोलू देत नसे. त्या दिवशी तो वकिलाच्या पाठीमागं सरकला.

"आमच्या घरातली," सून ताठ मानेनं म्हणाली. "रोजचीच आहेत."

दावा ती जिंकली.

मी चार बुकं शिकलेला माणूस. काहीतरी साधं कारण असेल, आपल्याच ध्यानात येत नसेल, असं मी बरीच वर्षं मनाला समजावलं. मग एकदा आमची गच्ची गळायला लागली म्हणून गवंडी बोलावला. बोलता बोलता कळलं, फरशीवाल्याचं ते अंगण त्याच्याच हातचं.

"निकालानंतर मालकानं ती पावलं माझ्याकडून लिंपून घेतली," तो म्हणाला. "सकाळी बघतो तर पुन्हा उमटलेली."

"तशीच? रस्त्याकडं?"

तो थापी पुसत राहिला. 

"नाही... या खेपेला मालकाच्या दाराकडं."

माझा विश्वास बसेना. काठी घेऊन मी स्वतः जाऊन आलो. फरशीवाल्याचं घर बंद होतं. पावलं थेट उंबऱ्यापर्यंत गेली आहेत.

परत आलेली नाहीत.