मुकी पट्टी

लाइट गेली की तुम्हाला मी आठवतो. टीव्ही बंद पडला म्हणून म्हाताऱ्याला बोलायला लावायचं! बरं, ऐका. मेणबत्ती सरकवा इकडे, आणि मधे बोलू नका.

आमची ही, वेणू, येरवड्याच्या भजनी मंडळात पेटी वाजवायची. दमेकरी बाई, पण भाता कधी थांबला नाही. पेटीची एक काळी पट्टी मुकी होती. दाबली तरी नुसती हवा. आमचा मुलगा अभिनव मोबाइलवर गाणी करतो. त्याने पेटीचा एकेक सूर वेगळा रेकॉर्ड केला, म्हणजे मोबाइलवर बोट ठेवलं की पेटी वाजेल.

"मुकीला का वगळतोस रे?" ही म्हणाली. मग तीही घेतली. त्यात भात्याची हवा आणि हिचा श्वास.

चैत्रात ही गेली.

एका दुपारी मी कोथरूडला अभिनवकडे गेलो. म्हटलं, तेवढी मुकी पट्टी दे मला मोबाइलमध्ये.

"बाबा, मूळ फाइली फार जड होत्या. मोबाइलसाठी बारीक केल्या, खरखर काढली, मूळच्या उडवल्या. ती पट्टी आता रिकामी आहे."

"आईचा श्वास म्हणजे खरखर?"

त्याने पेटी मात्र माझ्या मोबाइलमध्ये घालून दिली.

घरी येऊन खिडक्या लावल्या. पट्टी दाबली. काही नाही. मोबाइल कानाला लावून पुन्हा दाबली... आणि आला. तिचाच श्वास. ती छातीला चोळायची त्या बामाचा वाससुद्धा.

दाबलं की एक श्वास. पण प्रत्येक आधीपेक्षा आखूड, शेवटी दवाखान्यात यायचे तसे. हे संपणार, कळलं मला. मोबाइल तिच्या पातळात गुंडाळून कपाटात ठेवला. बोटं शिवशिवायची, ती दातात धरून बसायचो.

रविवारी अभिनव आला. मी मूर्ख, सांगितलं सगळं.

"रिकाम्या फाइलीत कसला श्वास, बाबा? हे बघा." कपाटातून मोबाइल काढला आणि ती पट्टी दाबतच सुटला. त्याला ऐकू येत नव्हतं. मला येत होतं.

"नको रे... दम लागलाय तिला... सोड..."

हिसकावून घेतला तेव्हा शेवटचा चालू होता. अर्ध्यात तुटला.

मोबाइल त्या दिवसापासून मुका. पण ती कोपऱ्यातली पेटी बघा. खोळ घातलेली, भात्याच्या कड्या लावलेल्या. तिची मुकी पट्टी वाजायला लागलीय. एकच सूर, लांबच लांब, कुठेही श्वास न घेता. 'घे गं, थोडा तरी घे,' म्हणतो मी... घेत नाही. आत्ताही चालू आहे.

नाही ना येत ऐकू? त्यालाही येत नाही. म्हणून तर अजून माफी मागायला आला नाही माझी, आमचा अभिनव.