काळाचं विरजण

उल्काने पुलावरच्या दोरीवरून पाठवलेला डबा पलीकडच्या काठाला लागला, तोवर भात आंबला होता. चुलीवरून उतरून त्याला तासही झाला नव्हता; अलीकडच्या काठावर तरी नव्हता.

दूरध्वनीला जोडलेलं, पलीकडचा आवाज सावकाश करून ऐकवणारं यंत्र घरघरलं. "उल्के, भाताला फेस आलाय गं. मी काय डबा खाऊ?" तिच्या वडिलांनी, आबांनी विचारलं.

"दुसरा पाठवते, आबा."

"भात राहू दे. चमचाभर विरजण पाठव. माझं इतकं आंबलंय की फेकूनच दिलं."

"ते वाटेतच आंबेल की!"

"आंबू दे. ते काय मला खायचंय? दुधाला कळलं पाहिजे काय व्हायचंय ते, तेवढंच त्याचं काम."

उल्का हसली, पण डोळे भरून आले. आबांचा आवाज गेल्या आठवड्यापेक्षा म्हातारा वाटत होता.

दुथडी गाव मंद्रा नदीच्या दोन्ही काठांवर वसलेलं. नदीच्या घळीत काळ उतरणीला लागलेल्या पाण्यासारखा पलीकडून अलीकडे कोसळायचा आणि त्यावर काळघराची चाकं फिरायची. गावातले दिवे, शेगड्या, गिरण्या सगळं या कालऊर्जेवर. सुरुवातीला दोन्ही काठांच्या काळात केसभर फरक होता, तोही लोकांनी कौतुकाने मिरवला. मग प्रवाहाला उसळ्या येऊ लागल्या आणि प्रत्येक उसळीसरशी पलीकडचा काळ जास्तच धावू लागला. आता इकडे एक दिवस उलटेपर्यंत तिकडे पंधरवडा सरत होता. ज्याच्या अंगात तो वेग भिनला, तो पूल ओलांडायला गेला की मध्यावरच कोसळायचा, त्यामुळे पलीकडचे तिकडेच अडकले.

उसळ्या आवरायला उल्का आणि तिचे वरिष्ठ सबनीस यांनी कालस्थिरक बांधला होता. माणसाएवढं काचेचं पात्र. प्रवाह त्यात शिरून शांत होऊन बाहेर पडावा अशी योजना. गणित चोख होतं, जोडणी चोख होती, पण घोडं कुठे पेंड खातंय ते कळत नव्हतं. रोज सकाळी यंत्र सुरू होई आणि दुपारपर्यंत उसळी येई. आज शेवटची संधी होती. जमलं नाही, तर आणखी कुणी मध्यावर कोसळू नये म्हणून सूर्यास्ताला पूल तोडायचा, असं पंचांनी ठरवलं होतं. तसं झालं असतं तर वर्षभराच्या आत आबांचं उरलेलं आयुष्य संपलं असतं, आणि पुलावरची दूरध्वनीची तारही तुटल्याने लेकीला ते कळलंही नसतं.

उल्काने वाटीत विरजण काढलं आणि चमचा तिच्या हातातच राहिला.

दुथडीत शिळं ठेवायची पद्धत नाही. कालची भाकरी, कालचं पाणी, कालची फुलं, पहाटे सगळं बाहेर. शिळं म्हणून घरात राहतं ते एवढं चमचाभर दही. ती वाटी तशीच टाकून काळघराकडे धावत सुटली.

सबनीस नेहमीप्रमाणे कालचा काळ पात्रातून सोडून देत होते. तळाशी थोडीशी निळसर साय उरली होती.

"साहेब, थांबा! झडप बंद करा!"

"अगं, शिळं अजून आत आहे."

"तेच हवंय. पात्र रोज आपण धुऊन कोरं करतो. नव्या काळाला कुठल्या चालीने चालायचं हे सांगणारं आत कुणीच उरत नाही. घरी दही कसं लावता?"

सबनीसांच्या नाकावर कधी माशी बसत नसे. ते कडाडले, "आणि नासलं तर?"

"तर पूल तुटतोच आहे, साहेब. पलीकडे माझे वडील आहेत. नासण्याची भीती मला तुमच्यापेक्षा जास्त आहे."

सबनीस झडपेकडे वळले. मग त्यांनी स्वतःच्या हाताने झडप बंद केली.

नवा काळ पात्रात शिरला. दुपारी उसळी आली. काटा लाल रेघेपर्यंत चढला, थरथरला आणि हळूहळू खाली येऊन बसला. चाकं फिरत होती, दिवे जळत होते. पलीकडची तासाची घंटा, जी एरवी दिवसभर घाईघाईने ठणठणायची, ती गप्प होती.

मग अलीकडची घंटा वाजली, आणि तिच्या टोल्यावर टोला देत पलीकडची. सबनीसांनी टोपी काढून हवेत फेकली आणि गावभर एकच ओरडा झाला. "जिंकलीस गं पोरी!" ते म्हणाले.

सूर्यास्ताला कुऱ्हाडी आल्या, त्या पुलावर तोरण बांधायच्या फांद्या तोडायला. दोन्ही काठांची चाल जुळली होती, मध्यावर आता कुणी कोसळत नव्हतं; सर्वांत आधी आबा पूल ओलांडून आले, ताठ, पण केस पांढरेशुभ्र. गेलेली वर्षं कुठलंच यंत्र परत देणार नव्हतं. उल्का त्यांच्या गळ्यात पडून मनसोक्त रडली.

"विरजण कुठाय?" आबांनी विचारलं.

"यंत्रात घातलं, आबा; दह्याचं नव्हे, काळाचं. आजचा थोडा काळ ठेवायचा, त्यावर उद्याचा लागेल. उद्याच्यावर परवाचा."

आबांनी तोरणाखालच्या गर्दीकडे पाहिलं. सबनीस कुणाच्या तरी खांद्यावर बसून नाचत होते.

"म्हणजे पुढचे सगळे दिवस आजच्या चवीचे?" आबा म्हणाले. "मग आता घरी जाऊन झोपायचं कुणी?"