अठराव्या ग्रीनवर अनवाणी

"अहो मॅडम! ग्रीनवरून खाली उतरा आधी!"

मी दचकून मागं वळले. हातातला पाइप तसाच टाकून एक तरुण लांबून धावत येत होता. डोक्यावर टोपी, गुडघ्यापर्यंत चिखल, आणि चेहऱ्यावर असा राग, की जणू मी त्याच्या नुकत्याच सारवलेल्या अंगणातून चालले होते.

"सँडल घालून चालतात का इथं? टाचांची भोकं पडतात. तीन-तीन आठवडे बुजत नाहीत—"

जवळ आला आणि थबकला. सँडल माझ्या हातात होते.

त्यानं माझ्या पावलांकडं पाहिलं. मग मी आले त्या वाटेकडं. दवावर पावलांची फिकट ओळ उमटली होती; गवताचं पातं मात्र एकही मोडलं नव्हतं.

"असं अनवाणी..." त्याचा आवाज एकदम उतरला. "असं इथं एकच माणूस चालायचा म्हणे."

"मी त्यांची मुलगी. ओवी."

तो तिथंच खाली बसला, बुटांच्या नाड्या सोडल्या, मोजे काढले आणि अनवाणी उभा राहिला. डाव्या मोज्याला अंगठ्यापाशी चांगलं मोठं भोक होतं.

"मी अवधूत. आप्पांच्या जागी आलोय. म्हणजे... त्यांच्या कामावर आलोय. जागी कोण येणार."

"आणि ते भोक किती आठवड्यांत बुजतं?" मी मोज्याकडं बघत विचारलं.

तो कानापर्यंत लाल झाला. आप्पा जाऊन पाच महिने झाले होते. त्या पाच महिन्यांत मी पहिल्यांदाच कुणाची तरी थट्टा केली होती. माझं मलाच नवल वाटलं.

दिवाळी नुकतीच सरली होती. क्लबच्या अवजारखोलीतलं आप्पांचं कपाट रिकामं करायला मी आले होते. तसा निरोप दोनदा येऊन गेला होता आणि मी दोनदा टाळला होता.

चाकणच्या अलीकडच्या या माळावर चाळीस वर्षांपूर्वी नुसता मुरूम होता. कारखान्यांतल्या काही हौशी इंजिनियरांनी तिथं खडकमाळ गोल्फ क्लब काढला. सुरुवातीला गवतच नव्हतं. वाळूत जुनं इंजिन ऑइल कालवून काळपट गोल केले होते आणि त्यांनाच ग्रीन समजून लोक खेळत. ग्रीन म्हणजे झेंड्याभोवतीचं ते गुळगुळीत हिरवं अंगण, जिथं चेंडू हलकेच ढकलून खळग्यात घालायचा असतो. पहिल्या स्पर्धेला बावीस खेळाडू होते आणि चांदीचा कप कुणाला सुचलाच नव्हता. तेव्हा एका सभासदानं आपल्या कारखान्यातल्या लेथवर पोलादाच्या अखंड सळीतून कप उतरवून आणला. आजही तोच देतात. तो उचलताना विजेत्याचा हात हमखास खाली जातो आणि सगळे हसतात.

आप्पा, म्हणजे ज्योतीराम, धाराशिवकडच्या एका कोरडवाहू गावातून इथं दगड फोडायला आले. पुढं क्लबनं खरं गवत लावायचं ठरवलं, तेव्हा ते गवत बघून त्यांना हसू आवरेना. नाव परदेशी होतं, पण होती ती हरळीच. "माझ्या बापानं जन्मभर शेतातली हरळी उपटली," ते सांगत, "आणि मला ती लावायचा पगार मिळाला!" चौऱ्याण्णव साली हे अठरावं, खेळ जिथं संपतो ते शेवटचं ग्रीन त्यांनी स्वतःच्या हातांनी केलं, आणि पहिल्या दिवसापासून त्यावर चप्पल घालून पाऊल ठेवलं नाही. गावी खळ्यात कुणी चप्पल घालून जात नाही. त्यांच्या लेखी हेही खळंच होतं. मला चालायला शिकवलं तेही त्यांनी इथंच.

"तुम्हाला एक दाखवू?" अवधूतनं विचारलं आणि मला ग्रीनच्या खालच्या कोपऱ्यात नेलं. तिथं परातीएवढा पिवळा डाग पडला होता. गवत आजारी माणसाच्या केसांसारखं विरळ झालं होतं.

"खत दिलं, औषध मारलं, पाणी वाढवलं. वाढतोच आहे." तो उकिडवा बसला. "डिसेंबरच्या तिसऱ्या रविवारी चाळिसाव्या स्पर्धेचा अंतिम सामना आहे. क्लबचे कॅप्टन जयसिंगराव म्हणालेत, तोवर डाग गेला नाही तर जानेवारीत मशिन लावून हे ग्रीन उखडायचं. नवीन करायला बाहेरची कंपनी येणार."

मी डागाकडं बघत राहिले. घरात आप्पांची काठी होती, चष्मा होता. पण अजून जिवंत अशी त्यांची एकच गोष्ट उरली होती, आणि ती माझ्या पायाखाली होती.

"आप्पा वह्या लिहायचे, असं इथं कामाला असणाऱ्या गोजाबाई सांगतात," तो चाचरत म्हणाला. "त्यात काही असलं तर..."

सकाळी आल्याआल्या मी कपाट उघडून पाहिलं होतं; आत वह्या होत्या. सात. सहा जाड आणि निळ्या, सातवी लाल पुठ्ठ्याची, अर्ध्यात थांबलेली.

"सहा आहेत," मी म्हणाले. "पण त्या मी देऊ शकणार नाही."

त्यानं हट्ट केला नाही. टोपी काढून केसांतून हात फिरवला आणि म्हणाला, "देऊ नका. वाचून दाखवाल?"

मी कासारवाडीच्या एका कॉलेजात ग्रंथपाल आहे. दिवसभर लोकांना पुस्तकं काढून देते. स्वतःच्या वडिलांची वही उघडायचा धीर मात्र मला होत नव्हता, आणि हा माणूस ते ओळखून गेला होता.

मग दर रविवारी मी जाऊ लागले. जांभळीखालच्या बाकावर मी वाचायची आणि तो गवतात बसून ऐकायचा. आप्पा मोजकं लिहीत. प्रत्येक वर्षाच्या अंतिम सामन्याच्या दिवशी एक वर्तुळ काढत — ते अठरावं ग्रीन — आणि त्यात एक टिंब. झेंडा कुठं लावायचा ते त्या सकाळी आप्पा ठरवत आणि त्यांना कुणी विचारत नसे. खाली दोन ओळी असत.

"'सत्त्याण्णव. झेंडा डावीकडे. देशपांडे साहेबांनी कप जिंकला. हरलेले साहेब जास्त चांगले खेळले. त्यांना चहा पाजला.'"

अवधूत खो खो हसला. "आणखी एक."

"'दोन हजार तीन. धुके. चेंडू दिसेना. सर्वांनी चाळीस मिनिटे वाट पाहिली. ओवी सोबत होती. तिने विचारले, आप्पा, हे लोक गवताला घाबरतात का?'"

"घाबरतात ना," तो म्हणाला. "मीही घाबरतो. गवताला, जयसिंगरावांना, आणि..."

"आणि?"

"आणि रविवारी साडेसात वाजून गेले की. बस चुकली असेल का, असं वाटत राहतं."

मी पान उलटलं. पुढची ओळ मला दोनदा वाचावी लागली.

ग्रीनमधलं तण वेचणाऱ्या गोजाबाई वीस वर्षांपासून इथं होत्या. त्यांच्या नजरेतून काही सुटत नसे. "सायेब," त्या लांबूनच ओरडल्या, "तण न्हाई का दिसत तिथं? का आज येगळंच कायतरी वेचताय?"

"ऐकतोय, मावशी!"

"व्हय, व्हय. कान इकडं, डोळं तिकडं."

तो संगमेश्वरचा. दापोलीला शेतीचं शिकला, आता दिघीत भाड्याच्या खोलीत राहायचा. भात स्वतः शिजवायचा, आणि तो दर वेळी चिकट कसा होतो याचं शास्त्रीय कारण मला समजावून सांगायचा. मी डबा न्यायला लागले. आई डब्यात दोन पोळ्या जास्त ठेवायला लागली आणि एकदाही का म्हणून विचारलं नाही.

सहावी वही संपली. डाग आता दोन परातींएवढा झाला होता.

"संपल्या," मी म्हणाले.

"काहीच नाही त्यात," तो हळूच म्हणाला. माझ्यावर रागावलेला नव्हता, नुसता दमला होता. "तुम्ही इतकं वाचलंत... मीच कमी पडलो. जयसिंगरावांना सांगून टाकतो."

घरी आले. लाल वही कपड्यांच्या कपाटात, साड्यांखाली होती. ती उघडली की आप्पांचं शेवटचं वाक्य वाचावं लागणार होतं. त्यानंतर त्यांनी मला सांगावं असं नवीन काहीच उरलं नसतं. म्हणून मी ती दडवून ठेवली होती. आणि तिकडं एक माणूस माझं खोटं खरं मानून स्वतःला दोष देत होता.

मी वही उघडली. आईच्या शेजारी बसून, दुपारच्या उन्हात.

मधल्या एका पानावर, दुखऱ्या हातानं काढलेलं वेडंवाकडं अक्षर होतं: 'माझ्यामागे जो येईल त्याला. अठराव्याच्या खालच्या कोपऱ्याखाली नाली आहे. नकाशात नाही, मी नंतर घातली. तोंड जांभळीच्या मुळाशी. दर कार्तिकात मुळ्या काढून मोकळी करणे. नाहीतर पाणी तुंबते, गवत पिवळे पडते. त्याला तहान लागली असे वाटून पाणी देऊ नये.'

कार्तिक उलटून गेला होता. स्पर्धेला चार आठवडे उरले होते.

मी तशीच रिक्षा केली. अवधूत पिवळ्या डागावर पाणीच मारत होता.

"ते बंद करा," मी धापा टाकत म्हणाले. "मी खोटं बोलले तुमच्याशी. वह्या सात आहेत."

त्यानं पान वाचलं. पुन्हा वाचलं. मी त्याच्या चेहऱ्याकडं बघू शकत नव्हते.

"एवढे दिवस..." तो म्हणाला. गवताकडं बघत उभा राहिला. मग वही मिटून, दोन्ही हातांनी माझ्या हातात दिली. "मी माझ्या आजीचं शेवटचं पत्र तीन वर्षं फोडलं नव्हतं. मावशी! टिकाव आणा!"

जांभळीच्या मुळाशी तासभर खणल्यावर सिमेंटच्या पाइपाचं तोंड लागलं. मुळ्यांनी गच्च भरलेलं, जाड वेणीसारखं. अवधूतनं पालथं पडून ती वेणी ओढून काढली. आतून काळं, कुजकट पाणी भसाभसा बाहेर आलं आणि तो नखशिखांत भिजला.

"आप्पा दरसाल हितं टिकाव घेऊन यायचं," गोजाबाई कमरेवर हात ठेवून म्हणाल्या. "मला वाटायचं, झाडाच्या मुळ्या तोडत्यात. कुणी इचारलंच न्हाई मला!"

मी हसत होते आणि माझे डोळे वाहत होते. दोन्ही एकदम होऊ शकतं, हे मला तोवर माहीत नव्हतं. चिखलानं भरलेला एक हात पुढं आला, चिखल दिसताच मागं गेला. मी ओढणीचं टोक पुढं केलं.

"पुसा आधी."

"ओढणी खराब होईल."

"इथल्या मातीचे डाग निघतात. आप्पांच्या सदऱ्यांचे निघायचे."

त्या आठवड्यात त्यानं मेलेलं गवत काढलं आणि रोपवाटिकेतून हरळीचे वाटीएवढे तुकडे आणून एकेक बसवला. थंडीत हरळी आळशी होते. रोज सकाळी फोन यायचा, "मूळ धरलं नाही अजून." मग एके दिवशी फोनवर नुसता श्वास ऐकू आला आणि पाठोपाठ, "ओवी... धरलं."

अंतिम सामन्याच्या सकाळी मी आईला घेऊन गेले. अवधूत अठराव्यावर खळगा पाडायचं यंत्र घेऊन अनवाणी उभा होता. लाल वहीच्या शेवटच्या लिहिलेल्या पानावर आप्पांनी या वर्षाचं वर्तुळ काढून ठेवलं होतं. त्यात टिंब नव्हतं.

"तुम्ही सांगा," तो म्हणाला. "झेंडा कुठं?"

मी खालच्या कोपऱ्याकडं बोट केलं. नव्या गवताच्या अगदी पलीकडं.

"तिथं लावला तर प्रत्येक चेंडू त्या ठिगळावरून जाणार. एक जरी उडाला तरी..."

"माहीत आहे."

तो माझ्याकडं बघत राहिला. मग हसला. "तुम्ही आप्पांच्याच." आणि त्यानं खळगा पाडला.

जयसिंगराव झेंडा बघून तिथल्या तिथं उभे राहिले. आता तो हलवायची वेळ निघून गेली होती. अकराच्या सुमारास शेवटची जोडी आली. वीस पावलांवरून चेंडू निघाला, उतारावरून वळला, नव्या गवतावर आला... आईनं माझा हात घट्ट धरला. चेंडू जराही उडाला नाही. दुधावरून साय सरकावी तसा सरकला आणि खळग्यात टपकन पडला.

टाळ्या थांबल्यावर जयसिंगराव ग्रीनच्या कडेशी आले. ठिगळाकडं बघत त्यांनी वाकून बूट काढले, आणि साठी उलटलेला तो धिप्पाड माणूस अनवाणी त्यावरून चालून आला.

"जानेवारीत मशिन येणार नाही," ते अवधूतला म्हणाले. मग आईकडं वळून हात जोडले. "वहिनी, तीस वर्षं आम्ही याच्यावर बूट घालून फिरलो. चुकलं आमचं."

गर्दी पांगली. आई गोजाबाईंशी बोलत लांब गेली, जरा जास्तच लांब. मी बाकावर बसून वर्तुळात टिंब काढलं आणि खाली लिहिलं: 'झेंडा खाली उजवीकडे. धरलं.'

वही भरली नव्हती, पण ती आप्पांची होती. मी ती मिटली.

अवधूत समोर उभा होता. पाठीमागं काहीतरी धरून.

"काय आहे?"

"आठवी." त्यानं हिरव्या पुठ्ठ्याची कोरी वही पुढं केली. "दापोडीच्या दुकानातून आणली. पुढच्या वर्षाचं वर्तुळ मला काही गोल जमत नाही. तू काढशील?"

"फक्त पुढच्या वर्षाचं?"

"पानं दोनशे आहेत," तो म्हणाला. "मी मोजलीत."

मी वही घेतली. पहिल्या पानावर एक वर्तुळ काढलं. जरा वाकडंच आलं. मग सँडल बाकाखाली सरकवले आणि त्याचा हात धरून गवतावर पाय ठेवला. दव केव्हाच वाळलं होतं, आणि हरळी उन्हानं कोमट झाली होती.