आठ पाटांवरचे पाहुणे

कृतिकाला पडलेलं कोडं असं होतं. गेल्या हिवाळ्यात आयुल ग्रहावरचा एक पाहुणा त्यांच्याकडे येऊन राहिला, तो निफाडच्या थंडीत अगदी मजेत होता. यंदा त्याच ग्रहावरून आठ पाहुणे आले. आठांचं मिळून वजन त्या एकट्याएवढंच. आठ जण मिळून गुळाचं पाणी प्यायले तेही तेवढंच. तरी दिवस कलताच हे आठही जण गारठू लागले. असं का व्हावं?

आयुलचे लोक पृथ्वीवर येऊ लागले त्याला आता बरीच वर्षं झाली होती. निफाडला ते येत द्राक्षं बघायला, कारण त्यांच्याकडे गोल अशी वस्तूच नसते. आपला ग्रह गोल आहे, हेसुद्धा त्यांना म्हणे अंतराळात गेल्यावरच कळलं! ते लोक स्वतः घनाकृती (सहाही बाजू सारख्या चौरस असलेला ठोकळा, खेळातल्या फाशासारखा). गेल्या वर्षीच्या पाहुण्याची प्रत्येक कड वीस सेंटीमीटर लांब होती. यंदाच्या पाहुण्यांची दहाच, कारण ती मुलं होती. शाळेची सहल होती. आयुलवर थंडी नसते, त्यामुळे मुलांना थंडीच्या गावी पाठवताना काय काळजी घ्यावी, हे तिथे कुणाला सुचलंच नव्हतं.

कृतिकाने त्यांची व्यवस्था अगदी मनापासून केली होती. द्राक्षं पेटीत भरायच्या शेडमध्ये तिने आठ पाट मांडले, प्रत्येक पाटाभोवती रांगोळी काढली, आणि दोन पाटांमध्ये हातभर अंतर ठेवलं. पाहुण्याला अंग चोरून बसायला लागू नये, ही त्या घरची रीत. आयुलचीही एक रीत आहे. यजमान जिथे बसवेल ती जागा पाहुण्याने सोडायची नाही.

दाराजवळच्या शेवटच्या पाटावर सगळ्यांत धाकटी बसली होती. तिचं खरं नाव कुणालाच उच्चारता येईना, म्हणून कृतिका तिला वडी म्हणायची. आयुलचे लोक उबेत असले की केशरी दिसतात. वडी संध्याकाळपर्यंत विटकरी झाली आणि आता कडांना राखेसारखी दिसू लागली होती.

"वडी, बरं वाटत नाही का गं?"

पाटाजवळ ठेवलेल्या दुभाष्या यंत्रातून उत्तर आलं, "मी ठीक आहे. पाट फार सुंदर आहे."

"खोटं बोलतेस तू."

"होय," वडी नम्रपणे म्हणाली.

कृतिका आबांना हाक मारायला धावली. आबा म्हणजे तिचे आजोबा. ते उष्णतेचे शास्त्रज्ञ. तोडलेली द्राक्षं लवकर गार कशी करायची, यावर त्यांनी नोकरीची सारी वर्षं काम केलं होतं. ते आले आणि त्यांनी वडीवर हात ठेवून पाहिला.

"गोधडी घालू?" कृतिकाने विचारलं.

"नको. हे लोक कातडीने श्वास घेतात. गुदमरतील."

"मग हीटर?"

"त्या कोरड्या झोताने कातडी तडकते. एकदा झालंय तसं." आबांनी चष्मा काढून पुसला. "यांची ऊब यांच्या अंगातच तयार होते, गुळापासून. पण पोटं भरलीत, आणखी पिणार नाहीत. पाहुणे केंद्राला मी येतानाच फोन केला, तिथले डॉक्टर निघालेत. पण त्यांना पोचायला सकाळ होईल."

"तोवर वडी..."

आबा हळूच म्हणाले, "पुरती राखाडी झाली, तर ती पुन्हा जागी होणार नाही. मला काही सुचत नाही गं, कृती."

तेवढ्यात स्वयंपाकघरातून आई ओरडली, "कृतेऽ, बटाटे उकडलेत. सोलून फोडी कर आणि ताटात पसरून ठेव! अख्खे ठेवलेस तर तासभर गार व्हायचे नाहीत."

कृतिका डोळे पुसत गेली. फोडी करून ताटात मांडू लागली.

"चिकटवू नकोस एकमेकींना," आई म्हणाली. "मोकळ्या ठेव. वारा लागू दे."

कृतिकाचा हात थबकला. ताटातल्या फोडी मोकळ्या बसल्या होत्या. ओळीने. मध्ये अंतर ठेवून. तिने ताट उचललं आणि तशीच शेडकडे पळाली.

"अगं, ताट कुठं नेतेस?" आई मागून म्हणाली, पण ऐकायला कृतिका होती कुठे!

"आबा, फोडी केल्या म्हणून बटाटा कमी झाला का?"

"नाही. तेवढाच आहे."

"मग तो लवकर गार का होतो?"

"सुरी फिरली की आतला भाग उघडा पडतो. प्रत्येक कापागणिक दोन नव्या बाजू हवेला..." आबा बोलता बोलता थांबले. त्यांनी ताटाकडे पाहिलं, मग पाटांकडे. "अरे देवा. रांगोळी दे इकडे."

ते खाली बसले आणि फरशीवर आकडे काढू लागले.

"हे बघ. अंगात ऊब किती तयार होते, ते घनफळावर ठरतं (वस्तूने एकंदर किती जागा व्यापली ते). गेल्या वर्षीच्या पाहुण्याचं घनफळ काढ बरं."

"वीस गुणिले वीस गुणिले वीस. आठ हजार घन सेंटीमीटर."

"म्हणजे आठ लिटर. आणि वडीचं?"

"दहा गुणिले दहा गुणिले दहा. एक हजार. आठ जणांचे आठ हजार. सारखंच आलं की!"

"सारखंच. म्हणून तर आपण फसलो. आता निसटणारी ऊब बघ. ती कातडीतून निसटते, म्हणजे पृष्ठफळावर ठरते (बाहेरच्या सगळ्या बाजूंचं मिळून क्षेत्रफळ)."

कृतिकाने रांगोळीची चिमूट स्वतःच्या हातात घेतली. "मोठ्याची एक बाजू वीस गुणिले वीस, चारशे. अशा सहा बाजू, चोवीसशे. वडीची एक बाजू शंभर, सहा बाजूंच्या सहाशे. आठ जणांच्या..." ती दचकली. "अठ्ठेचाळीसशे! दुप्पट!"

"तयार होते तेवढीच, निसटते दुप्पट."

"पण पाटाला टेकलेली बाजू उघडी नसते ना?"

"बरोबर आहे तुझं. पण लाकडालाही थोडी ऊब जातेच. आत्ता हिशेब सोपाच राहू दे." आबा स्वतःशीच बोलल्यासारखे म्हणाले, "मोकळी मांडा, मधून वारा खेळू द्या, असं द्राक्षांच्या बाबतीत मीच लोकांना सांगत आलो. आपण पाहुण्यांची अगदी द्राक्षं करून ठेवलीत."

"मग एकत्र ठेवू त्यांना. चार खाली, चार वर. मोठा ठोकळाच होईल! प्रत्येकाच्या तीन बाजू आत, तीनच बाहेर."

ती उठलीसुद्धा, पण आबांनी तिचा हात धरला. "थांब. बाजू झाकल्या तर श्वासही निम्मा होईल. चुकलं तर आठही जण जातील, कृती. खात्री नसताना मी कसं सांगू?"

"मग त्यांनाच विचारू या की!" कृतिका वडीजवळ बसली. "वडी, निम्म्या कातडीने श्वास घेऊन भागेल तुमचं?"

यंत्रातून तुटक उत्तर आलं. "झोपल्यावर भागतं. झोपेत आम्हाला त्याहूनही कमी लागतो."

आबांनी होकारार्थी मान डोलावली. कृतिकाने आपली सुरेख रांगोळी हाताने पुसून टाकली आणि चार पाट एकमेकांना जोडले.

"एकाच जागी बसवणार?" वडीने क्षीण आवाजात विचारलं. "आमचं काही चुकलं का?"

"चुकलं माझं. आता यजमान सांगते आहे, सगळ्यांनी चिकटून झोपायचं."

वडीला उचललं तर ती ओढ्यातल्या दगडासारखी गार लागली. कृतिकाने तिला दारापासून लांबच्या कोपऱ्यात, खाली ठेवलं. बाकीच्यांना तिच्या शेजारी आणि वर, कडेला कड जुळवून रचलं. फट राहिली नाही ना, हे आबांनी बोट फिरवून पाहिलं. मग दोघंही समोर बसून राहिली. आई शाल घेऊन आली, तीही शेजारी बसली.

बराच वेळ काहीच झालं नाही. मग दोन ठोकळे जिथे जुळले होते, तिथे एक बारीक रेघ उमटली. केशरी. ती हळूहळू रुंद होत गेली. सगळ्यांत शेवटी वडीचा बाहेरचा कोपरा विटकरी झाला, तेव्हा आबांनी चष्मा काढून पुन्हा पुसला.

सकाळी डॉक्टर आले. आठही जण केशरी बघून त्यांनी विचारलं, "औषध काय दिलंत?"

"काही नाही," आबा म्हणाले. "मांडणी बदलली. हिनं."

ऊन शेडमध्ये आलं तशी मुलं सुटी झाली. उन्हात त्यांना उघड्या बाजू जास्त हव्या होत्या, श्वासाला आणि उबेलाही. कृतिकाने वडीसमोर एक द्राक्ष ठेवलं.

"याला बाजू किती?" वडीने विचारलं.

"एकच, सगळीकडून वळलेली. आबा म्हणतात, तेवढ्याच घनफळाला सगळ्यांत कमी पृष्ठफळ गोलाचं असतं."

"म्हणजे त्याला थंडी कमी वाजते. हुशार आहे." वडी द्राक्षाकडे बघत राहिली. मग तिची नजर फरशीवरच्या नव्या रांगोळीकडे गेली. "ते काय काढलंयस?"

"तुम्ही झोपलात तेव्हा काढलं. तुम्ही सत्तावीस असता तर तीन बाय तीन बाय तीनचा ठोकळा झाला असता. मग पृष्ठफळ निम्मं नाही, एक तृतीयांशच उरतं. आणि अगदी मधल्याची एकही बाजू बाहेर येत नाही."

"मग पुढच्या हिवाळ्यात आम्ही सत्तावीस येऊ. मधली जागा तुझी."

कृतिका हसली. "मी कशी मावणार तिथे? आणि मला तर नाकाने श्वास घ्यायला लागतो."

"नाकापुरती फट ठेवू. आणि मावत नसशील, तर आणखी जास्त जण येऊ," वडी म्हणाली. "किती, ते तू काढ."

कृतिकाने रांगोळीची वाटी पुढे ओढली.