किंचित उतरलेली पट्टी

माझे मामा खोटं बोलत नाहीत. हा त्यांचा सद्गुण नव्हे, त्यांना जमतच नाही. मामीच्या वाढदिवसाची भेट लपवायची म्हटली तरी दिवसभर घामाघूम असतात. तेव्हा ही गोष्ट खरी आहे, एवढं आधी मान्य करा. नसेल जमत तर इथेच थांबा.

मलाही थांबायचं होतं.

अमावस्येची रात्र वगैरे काही नव्हती. मंगळवार होता, भर दुपार होती.

मामांचं वाद्यदुरुस्तीचं दुकान तळमजल्यावर, घर वर, मध्ये लाकडी जिना. त्या दुपारी एक बाई पेटी घेऊन आल्या. शिलाई मशीनच्या झाकणाएवढी. बाजूला फिरवायची मूठ, आत छोटा भाता आणि सुराच्या फक्त दोन पितळी पट्ट्या.

"सासऱ्यांनी बनवलेली," बाई म्हणाल्या. "मूठ अडकते. तेवढीच बघा. आवाजाला हात लावू नका."

"वाजवता काय हिच्यावर?"

"काहीच नाही. रोज संध्याकाळी घरातल्या सगळ्यांनी बसायचं, मूठ एकदा फिरवायची आणि आवाज पूर्ण विरेपर्यंत अवाक्षर काढायचं नाही. सासरे म्हणायचे, त्यामुळे माणूस आणि त्याचा आवाज एकाच वेळेत राहतात." बाई ओशाळून हसल्या. "आमच्या घरात तेवढीच काय ती शांतता. म्हणून चालू ठेवलंय."

शनिवारी न्यायला येते म्हणाल्या.

मामांनी मूठ सोडवली, तेल घातलं, फिरवून पाहिली.

दोन्ही पट्ट्या एकाच सुराच्या. पण एक किंचित उतरलेली. त्यामुळे आवाज थरथरत होता.

आता मामांचा स्वभाव सांगायला हवा. शेजाऱ्यांच्या दाराची बेल बेसूर आहे म्हणून ते त्यांच्याकडे जात नाहीत. बाईंची ताकीद लक्षात होती. पण "दाताखाली खडा आल्यावर कोणी गिळतं का?" असं ते नंतर मला म्हणाले.

त्यांनी कानस घेतली. पट्टीच्या टोकावर हलकेच फिरवली.

थरथर गेली. दोघींचा मिळून एकच आवाज झाला...

आणि तो विरेचना.

रस्त्यावरचा गोंगाट थांबला. डोक्यावरचा पंखा फिरत होता, पण मुका.

तेवढ्यात जिन्यावरून मामी ओरडली, "अहो, जेवायला येताय की ताट तिकडे पाठवू?"

आवाज तुटला. गोंगाट परत आला.

जेवताना मामांच्या लक्षात आलं... मामीचं बोलणं आधी ऐकू येत होतं. ओठ मागून हलत होते.

टक्क!

मग तिने पेला खाली ठेवला.

दुसऱ्या दिवशी अंतर वाढलं. मामा तिने विचारायच्या आधीच उत्तरं देऊ लागले. मामी खूश. माझ्या आईला फोन करून म्हणाली, "तुमचा भाऊ सुधारला हो! लग्न झाल्यापासून पहिल्यांदा लक्ष देतोय."

तिसऱ्या दिवशी सकाळी स्वयंपाकघरात कप फुटल्याचा आवाज आला. मामा धावले. मामी पेपर वाचत बसलेली.

त्यांनी सगळे कप कपाटात बंद केले.

संध्याकाळी तिने कपाट उघडलं. एक कप हातातून निसटला, फरशीवर पडला, त्याचे तुकडे झाले...

आवाज न करता.

मामा पेटी घेऊन बसले. सूर पुन्हा उतरवणं त्यांच्या हातचा मळ. पण किती उतरवायचा? वाद्य बेसूर किती होतं, हे कोण मोजून ठेवतं? त्यांनी पट्टी घासली, पुन्हा चढवली, पुन्हा उतरवली. दर वेळी वेगळी थरथर. ती मात्र नाही.

शनिवारी बाई आल्या. मूठ फिरवली, ऐकलं आणि हात झटकन मागे घेतला.

"ही आमची नाही," म्हणाल्या. आणि पेटी न घेताच गेल्या.

त्या दुपारी मामी दुकानात मामांसमोर भाजी निवडत बसली होती. तेव्हा जिन्यावर तिच्या चपला वाजल्या. खाली येणाऱ्या...

"अहो—"

मग काहीतरी जड गडगडत आलं.

मग काही नाही.

तेव्हापासून मामांना मामीचं काहीच ऐकू येत नाही. बोलणं नाही, बांगड्या नाहीत, घोरणंही नाही. बाकी जगाचं सगळं नीट येतं. कान तपासून झाले, उत्तम आहेत.

अंतर आता किती झालंय, दिवसाचं की वर्षाचं, त्यांना माहीत नाही.

त्यांनी जिन्याच्या दाराला कुलूप घातलं. बिऱ्हाड खाली आणलं. मामीला कारण सांगितलेलं नाही. ते फक्त मला सांगितलंय.

परवा फोन केला तर मामी वैतागलेली. "तुझ्या मामांनी मला दुकानात मांडून ठेवलंय. गिऱ्हाईक बघतायत वाटतं!"

मग मामांनी फोन घेतला.

"तुला ऐकू आली ना ती?"

"हो, मामा."

"काय म्हणाली?"

मी सांगितलं.

"असं नको," ते हळूच म्हणाले. "ती म्हणते तसं म्हणून दाखव."

मी म्हणून दाखवलं. मागून मामीचं हसणं ऐकू येत होतं.

मला. अजून तरी...