पाण्याच्या बाजूने आलेल्या गोण्या

ही घटना खरी आहे. खोटी असती, तर शेवट जरा बरा केला असता.

नोव्हेंबर. सेंट मार्टिनच्या सणाचा दुसरा दिवस. इटलीतल्या पो नदीचा डावा काठ. संध्याकाळ... आणि धुकं असं, की स्वतःचे बूट दिसेनात.

नदी फुगलेली. पूल बंद. बांधावर गस्तीला नीवेस आणि तिचा दीर जेलिंदो. नजर ठेवायची पाण्यावर, आणि त्याहून जास्त पलीकडच्या गावावर. समोरचा बांध फुटला की आपला वाचतो, हे दोन्ही काठांना आजोबांच्या काळापासून ठाऊक.

"वहिनी, ते लोक होडीतून येऊन आपला बांध खणतात."

"या पाण्यात होडी? भावजी, कालची वाइन अजून उतरली नाही वाटतं!"

नीवेसचं घर बांधाच्या पायथ्याशीच. त्याच्या मागून बुडबुड ऐकू आली; खाली उतरून पाहिलं, तर जमिनीतून पाणी उसळत होतं.

स्वच्छ असतं तर चाललं असतं.

ते गढूळ होतं.

म्हणजे बांध आतून पोखरला जात होता. जेलिंदो माणसं आणायला गावाकडे पळाला. झऱ्याभोवती वाळूच्या गोण्यांचं कडं करायला हवं होतं, लगेच. गोण्या बांधावर होत्या; नीवेस त्या आणायला चढू लागली...

वरून, धुक्यातून, एक गोणी पुढे आली.

मागे दोन हात. ओले.

"आलात एकदाचे! कोण, ओत्तोरिनो?" नीवेसला गावातलाच कुणी वाटला.

दुसरी गोणी आली.

ती घेत गेली, रचत गेली. कडं कमरेपर्यंत आलं. आतलं पाणी निवळलं; माती वाहणं थांबलं.

तेवढ्यात गावाच्या बाजूने जेलिंदो धापा टाकत आला, सोबत माणसं.

"वहिनी, हे एकटीने?"

"एकटीने कशी? वरून देताहेत ना..."

सगळे वर गेले. वर कुणी नव्हतं.

गावाच्या गोण्यांची थप्पी ताडपत्रीखाली तशीच, कोरडी. बांधाच्या माथ्यावर मात्र ओला पट्टा उमटला होता. तो दुसऱ्या उतारावरून खाली गेला होता...

थेट नदीत.

"पलीकडचेच! मी म्हणत नव्हतो?" जेलिंदो म्हणाला.

"भावजी, पण ते आपला बांध वाचवतील कशाला?"

त्याच संध्याकाळी समोरचा बांध फुटला.

यंदा पुन्हा पूर आला. पुन्हा धुकं, पुन्हा झरा. नीवेसने आधी दरडावून विचारलं, "कोण आहे? नाव सांगा!"

नाव आलं नाही... गोणी आली.

तिने घेतली. मागे घर होतं.

मग ती समोरच्या काठाकडे कान देऊन उभी राहिली, तिकडचा बांध कधी फुटतो ते ऐकत.