गाईडविरुद्ध तक्रार

तो बसमध्ये चढला तेव्हा त्याच्या शर्टावरचा बॅज उलटा होता.

"तुमचा नंबर उलटा लागलाय," मी म्हटलं.

त्याने मान वाकडी करून खाली बघितलं. "सहा आहे की नऊ?"

"ते तुम्हीच ठरवा. सहाच्या शेजारी एक मुलगी बसणार, नवाच्या शेजारी दुसरी. उद्या जन्मभर मला बोल लावाल."

तो हसला. हसताना त्याचा एक डोळा दुसऱ्यापेक्षा जरा जास्त मिटतो… हे माझ्या लक्षात यायचं काहीच कारण नव्हतं. मी माणसं मोजत होते.

"आणि तुमचा बॅज?"

"मला नसतो. मी गाईड आहे."

"गाईडला लग्नाची बंदी असते?"

"आजच्या दिवस आहे. आत सरका, मागे लोक खोळंबलेत."

जुईनगर स्टेशनबाहेर उभी असलेली ती बस म्हणजे मालतीबाईंच्या मंडळाची 'परिचय सहल'. मालतीबाई मूळच्या साताऱ्याकडच्या. आपल्या ज्ञातीतल्या मुलामुलींची लग्नं जुळवणं हाच त्यांचा ध्यास. हॉलमध्ये खुर्च्या मांडून भरवायचे मेळावे आता चालत नाहीत, मुलं मोबाईलमध्ये डोकं घालून बसतात. म्हणून बाई आता सहली काढतात, आमची बस मात्र या वेळी पहिल्यांदाच. मुलींना गुलाबी बॅज, मुलांना निळे, आणि आईवडिलांना घरी बसवलेलं. ठिकाण सोनखाडीच्या शिवमंदिराचे अवशेष, कारण देवळाला कोणाचे आईवडील नाही म्हणत नाहीत.

मी जागृती पाटील, जासईची. आठवडाभर न्हावा शेव्याला कस्टम एजंटच्या ऑफिसात कंटेनरचे कागद काढते आणि रविवारी लोकांना जुनी देवळं दाखवते. स्टिअरिंगवर बसलेले माझे बाबा, पंढरी पाटील. शेती गेली, तिच्या मोबदल्यात बस आली. गाडी त्यांची, माईक माझा.

आमच्यात एक करार होता. उलव्याच्या हितेशचं स्थळ कधीपासून दारात उभं आहे. मुलगा वाईट नाही. खडी-रेतीचा धंदा, मोठी काळी गाडी. फक्त मी बोलायला लागले की तो जांभई देतो. मी नाही म्हणून बसले, तेव्हा बाबा म्हणाले, "रविवार तुझा. पन तुझी येक तक्रार आली ना बाय, तर ह्या फिरना बंद, आनि हितेशला हो बोलायचा." मी कबूल केलं, कारण माझी तक्रार कधी येत नाही. मला राग लवकर येतो हे खरं, पण तो मी सोमवारपर्यंत राखून ठेवते.

बस उरण रस्त्याला लागली आणि मालतीबाईंनी पर्समधून शिट्टी काढली. पद्धत अशी, की मुली खिडकीशी बसणार, मुलं त्यांच्या शेजारी, आणि शिट्टी वाजली की प्रत्येक मुलाने एक सीट पुढे सरकायचं. पोहोचेपर्यंत सगळ्यांची सगळ्यांशी ओळख. बेत चोख होता. पण एका मुलीने ऐनवेळी पोटदुखीचं निमित्त करून फोन बंद केला, आणि एक मुलगा जास्त झाला. हा जास्तीचा मुलगा सगळ्यांत पुढे, माझ्या शेजारी येऊन पडायचा, आणि पुढच्या शिट्टीला उठून मागच्या टोकाला जायचा.

पहिली शिट्टी वाजली आणि उलट्या बॅजवाला आला.

"निशांत," तो म्हणाला. "लिफ्टच्या कंपनीत इंजिनियर. उंची, पगार, रास… सांगू?"

"मला काय करायचंय? मी गाईड आहे."

"तेच बरं वाटतंय."

दुसरी शिट्टी वाजली. तो उठला नाही. त्याच्या जागी आलेल्या मुलाच्या कानात त्याने काहीतरी सांगितलं, आणि तो मुलगा घाईघाईने थेट मागे गेला. तिसऱ्या शिट्टीलाही तसंच झालं.

"काय सांगताय त्यांना?"

"इथे बसलं की शिलाहार राजांची वंशावळ पाठ करून घेतात, म्हणून."

"मी नाही घेत."

"घ्या मग. मला खोटारडा का ठरवता?"

मीही हट्टाला पेटले. वंशावळ सुरू केली. जासई मागे पडली, रस्त्याच्या दोन्ही बाजूंना कंटेनरच्या भिंती लागल्या, ट्रेलरच्या रांगेत बस अडकली, आणि मी राजामागून राजा सांगत राहिले. हा कंटाळेल, उठून जाईल. पण त्याने मध्येच मला थांबवलं. "एक मिनिट. हा अपरादित्य पहिला की दुसरा?"

इतक्या रविवारांत हा प्रश्न मला कोणीही विचारला नव्हता. मी लाजले. चक्क अपरादित्यावरून लाजले. आरशात बाबांचे डोळे दिसले, तशी मी खिडकीबाहेर बघायला लागले.

सोनखाडीला उरलंय ते थोडंच. जोतं, मंडपाचे काही खांब, निम्मं छत, आणि बांधाला टेकवून ठेवलेले कोरीव दगड. पलीकडे खाडी, चिखलाचा खारट वास. मी खांबांवरची नक्षी दाखवत होते, इतक्यात परतीच्या पावसाची एक सर आली आणि सगळे त्या निम्म्या छताखाली शिरले. निशांतचा दंड माझ्या खांद्याला लागला. मी सरकले नाही. तोही नाही. जागाच नाही, असं मी स्वतःला सांगितलं. उजवीकडे भरपूर जागा होती.

"भिजताय," तो म्हणाला.

"तुम्ही पण."

"हो, पण मला चालतंय… तुम्हाला?"

तेवढ्यात सर थांबली. नाहीतर उत्तर दिलं असतं बहुतेक.

पाऊस उघडल्यावर मालतीबाईंना बांधाच्या कडेला शेंदूर फासलेला एक उभा दगड दिसला. वर चंद्र-सूर्य कोरलेले. बाईंनी लगेच पर्समधून हळदकुंकवाची डबी काढली. बाई कुठेही जावोत, डबी बरोबर असते. "मुलींनो, या गं. जागृत स्थान दिसतंय. एकेकीने हळदकुंकू वाहा आणि मनातलं मागा." गुलाबी बॅजची रांग लागली.

निशांत माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाला, "देव कुठला हा?"

"सांगितलं तर माझे रविवार जातील."

"आणि नाही सांगितलं तर?"

"तर या मुली गाढवाकडे नवरा मागून जातील."

तो इतक्या मोठ्याने हसला, की रांग थांबली. मालतीबाई वळल्या. "काय झालं हसायला? अहो गाईड, सांगा ना जरा, कोणतं दैवत आहे?"

मी बाबांच्या बसकडे बघितलं. ती झाडाआड होती. मग त्या मुलींकडे बघितलं. पहिली मुलगी डोळे मिटून, हात जोडून उभी होती, आणि माझ्याने राहवेना.

"हे दैवत नाही," मी म्हटलं. "याला गद्धेगाळ म्हणतात. राजाने देवळाला जमीन दिली की असा दगड उभा करायचे. ही जमीन जो लाटेल त्याला त्यावर शिवी कोरलेली असते. खाली एक बाई आणि एक गाढव आहे. शेंदराने झाकलंय ते बरंय. गावातले लोक पिढ्यान्‌पिढ्या याला शेंदूर लावतात, तो त्यांचा भाव, मी त्याला हात लावणार नाही. पण नवरा मागायची ही जागा नव्हे. आणि अजून एक. जमीन लाटतो पुरुष, आणि शिवी बसते त्याच्या आईला. तेव्हाही तसंच होतं."

कोणीतरी फिसकन हसलं. डोळे मिटलेल्या मुलीने एक डोळा उघडून विचारलं, "म्हणजे आपण शिवीला हळदकुंकू वाहिलं?" मग सगळ्याच हसत सुटल्या, निळे बॅजही त्यांच्यात मिसळले. इतक्या शिट्ट्यांनी जमलं नव्हतं ते त्या दगडाने जमवलं. पण मालतीबाईंचा चेहरा उतरला होता, आणि मग लाल झाला.

बाबा बसशेजारच्या भेंडीच्या मोठ्या झाडाखाली भाकरी आणि सुकट खात बसले होते. बाई तडक त्यांच्यापाशी गेल्या. मी मागोमाग.

"पाटील, तुमच्या मुलीविरुद्ध माझी तक्रार आहे."

बाबांनी भाकरी खाली ठेवली.

"एक म्हणजे, तिने चारचौघांत माझी शोभा केली. आणि दुसरं, मी आमची मुलं आमच्या मुलींसाठी आणली आहेत. सकाळपासून आमचा एक मुलगा हिच्याशेजारून उठत नाही. ती गाईड आहे, स्थळ नव्हे." मग त्या माझ्याकडे वळल्या, आणि आवाज जरा मऊ झाला. "सॉरी म्हण, आणि परत जाताना मागे बस. मी विसरून जाईन."

एवढंच करायचं होतं. एक शब्द. माझे रविवार राहिले असते, हितेश टळला असता, बाबांची भाकरी गार झाली नसती. मी तोंडही उघडलं. पण 'स्थळ नव्हे' हे माझ्या कानात अजून वाजत होतं. कोणत्या मापाने नव्हे? कोणी मोजलं?

"नाही म्हणणार," मी म्हटलं. "दगडाचं खरं तेच सांगितलं. आणि दुसऱ्या तक्रारीचं…"

दुसऱ्या तक्रारीचं मी बाबांना आमच्या बोलीत सांगितलं, म्हणजे बाईंना नीट कळू नये. "बाबा, दोनी तक्रारी खऱ्या हान. तो मना आवडलाय. सकालपासून आवडलाय. आनि हितेशला मी हो बोलनार नाय. तुमाला कबूल केलेला, ठाव हाय मना. ता मी मोडतेय. रविवार घ्या नायतर ठेवा."

बोलल्यावर इतकं मोकळं वाटलं, की परत बोलावंसं वाटलं.

"मला… समजलं," मागून आवाज आला.

निशांत पाण्याची बाटली घेऊन उभा होता. कान लाल झालेले. "म्हणजे सगळं नाही. पण मुद्दा समजला." त्याने बाटली एका हातातून दुसऱ्या हातात घेतली. "मला पण. सकाळपासून. तू मला आत सरका म्हणालीस ना, तेव्हापासूनच."

'तू' म्हणाला. मालतीबाई जवळच्या एका कोरीव दगडावर मटकन बसल्या.

बाबांनी हात धुतले, डबा बांधला. माझ्याकडे बघितलं नाही. "गारीत बसा सगली," एवढंच म्हणाले.

परतताना शिट्टी वाजली नाही. माझ्या शेजारच्या सीटवर मालतीबाई स्वतः येऊन बसल्या, पर्स मध्ये ठेवून, पहाऱ्याला बसावं तशा. मागे मुलंमुली ज्याला जिथे वाटलं तिथे बसली होती आणि चांगलाच कलकलाट चालला होता. निशांतला कुठे बसावं कळेना, तेव्हा बाबांनी मागे न बघता हाक मारली. "लिफ्टवाले. हिकरं ये." आणि त्याला ड्रायव्हरशेजारी इंजिनाच्या झाकणावर बसवलं. ते झाकण तव्यासारखं तापतं.

"लिफ्ट बंद परली तर मानसांना कोन काडतो?" बाबांनी विचारलं.

"मीच काढतो."

"येल लागतो?"

"माणूस घाबरला नसेल तर वेळ नाही लागत."

"आमची घाबरत नाय."

"बघितलं मी."

बाबांनी एका ट्रेलरला हॉर्न मारला. गरज नव्हती. मालतीबाई समोर बघतच मला म्हणाल्या, "ही त्याची तिसरी सहल. आधीच्या दोन्ही सहलींत कुणाशी धड एक वाक्य बोलला नव्हता. मला वाटायचं, मुक्याला कुठून मुलगी शोधू." त्यांनी पर्स मांडीवर घेतली. "त्याच्या आईला, मीनाला, मी काही सांगणार नाही. तुझं तूच सांग. तोंड आहे तुला."

पुढून बाबांचा आवाज आला. "आनि लगीन कोन लावील? तुमचा भटजी, का आमची धवलारीन?" आमच्या गावांत धवले ही लग्नगीतं गात लग्न लावणारी बाई असते. माझी गोजराआत्या तीच. तिच्या आवाजाला माईक लागत नाही.

"काका," निशांत काकुळतीने म्हणाला, "आम्ही अजून चहासुद्धा नाही प्यायलो."

जुईनगर जवळ आलं. सहल संपताना गाईडने दोन शब्द बोलायचे असतात. मी उठले आणि माईक सुरू केला.

"मंडळी, आपली सहल इथे संपतेय. सामान तपासून उतरा. आणि एक सूचना. पुढच्या रविवारी मला सुट्टी आहे. निशांतबरोबर चहा प्यायला जाणार आहे. त्यानंतरच्या रविवारीसुद्धा. मी गाईड आहे, आणि स्थळसुद्धा आहे, पण कोणाचं ते मी ठरवणार. कोणाची तक्रार असेल तर मालक समोर बसलेत, जाऊन करा."

निशांत त्या तापलेल्या झाकणावर बसल्या बसल्या माझ्याकडे बघत होता, आणि त्याचा तो एक डोळा पूर्ण मिटला होता. बाबांनी बस कडेला घेतली, ब्रेक लावला. कोणीही तक्रार करायला उठलं नाही. बाबांनी आरशातून माझ्याकडे बघितलं. रागावलेलेच होते.

"हितेशचे बापाला फोन तू करायचा," ते म्हणाले. "मी नाय करनार."

"करते," मी म्हटलं. माईक चालूच होता, त्यामुळे ते सगळ्या बसने ऐकलं.